वहिनीने तोंड मिटलं

माझी वहिनी विज्ञान शिकवते, आणि एरवीही बोलतच असते. तिला फोन लावला तर आपण फक्त 'हॅलो' म्हणायचं, बाकीचं ती बघून घेते. आम्ही दोघी एकाच शाळेत शिकवतो. मोठ्या बाईंनी नवा नियम काढला, की प्रत्येकीने दुसरीच्या तासाला मागच्या बाकावर बसायचं. माझ्या वाट्याला वहिनी आली. नणंदेला वहिनीवर नजर ठेवायचा चक्क परवाना! मी एकदम खूश. पण नियम भलताच कडक निघाला. चांगलं-वाईट काही म्हणायचं नाही, दिसलं तेवढंच सांगायचं. आणि जिचा तास पाहिला, तिने ते ऐकताना मधे एक शब्दही बोलायचा नाही. वहिनीसाठी ही शिक्षाच होती.

तास संपल्यावर रिकाम्या प्रयोगशाळेत मी म्हटलं, "वहिनी, तू प्रश्न विचारतेस आणि कुणाचा हात वर यायच्या आत उत्तरही तूच देतेस. खिडकीजवळची मुलगी दर प्रश्नाला तोंड उघडते. मग मिटते."

वहिनी लालबुंद झाली. कारण त्याच मुलीच्या डोक्यात काही शिरत नाही, तिला खालच्या तुकडीत घाला, असं वहिनीनेच मोठ्या बाईंना सांगितलं होतं. सोमवारपासून ती पोर तिकडे बसणार होती.

दुसऱ्या दिवशी वहिनीने मला स्वतःहून वर्गात ओढून नेलं. टेबलावर बर्फ घातलेला पाण्याचा ग्लास ठेवला. "हा बाहेरून ओला कसा झाला?" एवढं विचारलं आणि तोंड मिटलं. टेबलाची कड अशी धरली होती की बोटं पांढरी पडली. पोरी एकमेकींकडे बघायला लागल्या. बाईंना बरं नाही की काय! माझा जीव टांगणीला लागला. बोलू नकोस गं, बोलू नकोस!

खिडकीजवळची उठली. "ग्लास झिरपतो, बाई."

चूक! वहिनीच्या घशापर्यंत उत्तर आलेलं मला मागून दिसत होतं. तिने ते गिळलं.

"पण..." मुलगी ग्लासजवळ आली, वाकून बघू लागली. "झिरपला असता तर आतलं पाणी कमी झालं असतं. ते तर तेवढंच आहे. मग हे बाहेरचं पाणी... हवेतलं! हवेत पाणी असतं, बाई! गार ग्लासला लागून त्याचे थेंब झाले!"

वर्गात एकच गलका. मी बाकावर मूठ आपटली. त्याला नियमात बंदी नव्हती.

वहिनी अजून गप्पच. मुलीने तिच्याकडे पाहिलं आणि जरा भीतभीत विचारलं, "अजून आहे, बाई. चहा पिताना आईच्या चष्म्यावर वाफ धरते, त्याचं. सांगू?"

तासाला कधी न बसणाऱ्या माझ्या वहिनीने स्टूल ओढलं आणि बसली.

"सांग," ती म्हणाली. "आणि सोमवारीही इथेच, याच वर्गात सांगायचं."