अर्धा कोयता

दुष्काळ सरून ढोकीच्या रानात पुन्हा ऊस उभा राहिला, त्या वर्षी मी सिनेमा काढायचं मनावर घेतलं. पेशानं शाळामास्तर. गोष्ट माझी, दिग्दर्शन माझं, कॅमेरा माझा आणि नायकही मीच. माणसं मिळत नाहीत, असं मी सगळ्यांना सांगायचो. खरं म्हणजे दुसऱ्याचं काम मला पसंतच पडत नसे.

गोष्ट होती ऊसतोडीला आलेल्या एकट्या गड्याची. चावी भरून चालणारा कॅमेरा बैलगाडीवरच्या उसात रोवायचा, चालू करायचा आणि धावत जाऊन कोयता उचलायचा. फिल्म मुंबईहून धुऊन यायला तीन आठवडे लागत. आली तेव्हा बघतो तर नायकाला मुंडकंच नाही! बायको पोट धरधरून हसली. मी दोन दिवस तिच्याशी बोललो नाही.

आता एकच रीळ उरलं होतं. परवा हंगाम संपून साखर कारखाना बंद होणार, तोडणीवाले आपापल्या गावी परतणार. हे हुकलं की सिनेमा वर्षभर लांबणीवर. फडात माझी पळापळ बघून मोळ्या बांधणारी एक बाई म्हणाली, “गुर्जी, आमच्यात नवरा-बायकू मिळून एक कोयता धरत्यात. तुमी तर अर्धाच कोयता. एकट्यानं तोडायचं आन् एकट्यानंच बांधायचं, कसं जमंल?”

बायको डबा घेऊन आली होती. तिनं डबा बांधावर ठेवला, पदर खोचला आणि कॅमेरा उचलला. “तुम्ही तोडा. मी बघते.”

मला लई राग आला. पण रीळ एकच होतं, मी कोयता घेऊन वाकलो.

तीन आठवड्यांनी रीळ धुऊन आलं, ते घरातल्या भिंतीवर लावून बघितलं. मुंडकं जागेवर होतं. पण थोड्याच वेळात कॅमेरा मला सोडून त्या बाईकडं वळला आणि तिथंच थांबला. उसाच्या हिरव्या शेंड्यांनी मोळी आवळणारे तिचे हात, घामानं कपाळाला चिकटलेले केस. नायक कोपऱ्यात पाठमोरा. सगळ्या सिनेमात तेवढाच तुकडा जिवंत होता. मला मत्सर वाटला, आणि त्याहून जास्त आनंद झाला.

नावांची पाटी मी शाळेच्या फळ्यावर खडूनं लिहून ठेवली होती, नवं रीळ आलं की तिचं चित्रण करायचं होतं. ‘छायाचित्रण’पुढचं माझं नाव मी पुसलं. बायकोचं लिहिलं, मग माझं, मग आडनाव. ती मागं उभी राहून वाचत होती.

“माहेरचं लिहा,” ती म्हणाली. “माहेराहून दादा येतील सिनेमा बघायला. त्यांना वाचता येतं.”

मी फळा पुन्हा पुसला.