पणजोबांचे जंतू आणि मी

दर्यापूरकडच्या एका गावात माझ्या पणजोबांचं देऊळ झालंय, असा फोन आला आणि मी बडनेऱ्याचं तिकीट काढलं. पणजोबा वऱ्हाडातले सुरुवातीच्या काळातले जंतुशास्त्रज्ञ. त्या गावच्या विहिरीचं पाणी सूक्ष्मदर्शकाखाली ठेवून त्यांनी पटकीचे जंतू शोधले आणि लोकांना पाणी उकळायला लावलं. आमच्या घराण्यात देव झालेले ते पहिलेच, त्यामुळे माझी छाती फुगली होती.

बडनेऱ्याहून रिक्षाने अमरावती. स्टँडबाहेर गिला वडा जरूर खा, पण सोबतच्या मिरचीच्या वाटेला जाऊ नका. दर्यापूरपर्यंत एसटी, पुढे जीप. माणशी तीस रुपये. त्यात बसायला जागा धरलेली नसते.

गावात शिरताच आशाताईंनी गाठलं. घरोघरच्या आरोग्याचं काम त्यांच्याकडे.

"सर, तुमीच सांगा त्यायले. विहिरीत ब्लीचिंग पावडर टाकू देत नाहीत. दर पावसाळ्यात लेकरं हगवणीनं आडवी होतात."

"काहून टाकू देत नाहीत?" मी, जमेल तशा वऱ्हाडीत.

"डॉक्टरबाबाच्या पान्याचा गुन जाते म्हनतात!"

ज्या माणसाने त्या पाण्यातले जंतू दाखवले, त्याच्याच नावाने जंतूंना अभय मिळालं होतं. मी बोलेन, असा शब्द ताईंना दिला.

विहिरीवरच्या देवळात आरती झाली, मला शाल मिळाली. सरपंचभाऊंनी तांब्या पुढे केला. "घ्या जी, तुमच्या घरचंच पानी हाये."

खारपाणपट्ट्यातली एकुलती गोड विहीर, सगळं गाव समोर आणि ताईंची नजर माझ्यावर. मी भिडेखातर प्यायलो. वर "वा, गोड आहे" असंही म्हणालो. त्याची अजून लाज वाटते.

परतीची गाडी अकोल्याहून होती. त्या रात्री मी बर्थचे पैसे उगाच भरले. माझा मुक्काम दाराजवळच्या छोट्या खोलीत होता.

पुण्यात सलाईन लागलेली असताना ताईंचा फोन. "सर, आता म्हनून राहिले, खुद्द पणतू पिऊन गेला, त्याले काय झालं?"

काय काय झालं ते मी सविस्तर सांगितलं.

"मंग फोटो पाठवा ना. सलाईनसकट."

पाठवला. काल कळलं, पावडर टाकू दिली. माझा फोटो विहिरीवर लागलाय आणि मी गेलोच, असं समजून गावाने त्याला हार घातलाय. मी जिवंत आहे हे गावाला कळवा, अशी ताईंना विनंती केली.

"थांबा ना जी," त्या म्हणाल्या, "पावसाळा तर निघू द्या."