बेचाळीस अक्षरांची पोथी

गोदावरीबाई देगलूरला आमच्या शाळेत चित्रकला शिकवायच्या. मी गणिताचा. कुणाचा धडा मागं राहिला की चित्रकलेचा तास मागून घ्यायचा, अशी आमच्याकडं रीतच पडली होती. बाई कधी नाही म्हणाल्या नाहीत. मीही कितीदा मागितला.

त्यांनी लग्न केलं नव्हतं. धाकटी बहीण मालविका हाडांच्या दुखण्यानं अंथरुणाला खिळलेली. तिच्यासाठी बाई रोज शाळेतून आल्यावर पोथीचं एक पान करायच्या. तळ्याखालच्या एका देशाची पोथी. तिथली माणसं माशांवर बसून बाजाराला जातात, आणि आजारी माणसाच्या उशाशी पोथी ठेवली की दुखणं अंगातून पानात उतरतं. कागद चहाच्या पाण्यात बुडवून जुनाट केलेला. लिपीही बाईंनीच रचलेली, बेचाळीस अक्षरांची. काही अक्षरं रांगोळीतली, काही आमच्या बाजारातल्या तेलुगू पाट्यांवरून सुचलेली. त्या दोघींशिवाय ती कुणाला वाचता येत नव्हती. एकशे त्रेसष्ट पानं झाली आणि मालविका गेली.

पुढं दयानंद नावाचा त्यांचा जुना विद्यार्थी आला. त्याचं फ्लेक्स छापायचं दुकान होतं. "मॅडम, स्कॅन करून देतो, नाहीतर पानं खराब होतील," म्हणाला. पोथी घेऊन गेला. दोन महिन्यांनी सांगितलं की दुकानात पाणी शिरलं, सगळं भिजून गेलं. बाई एवढंच म्हणाल्या, "तुला तर काही झालं नाही ना?"

चार वर्षांनी स्टाफरूममध्ये कुणीतरी मोबाइलवर एक व्हिडिओ दाखवला. जळकोटच्या पुढं एका गावात हजार वर्षांची पोथी प्रकटली आहे, ती उशाशी घेतली की रोग बरा होतो. बाईंनी मोबाइल हातात घेतला आणि त्यांचे ओठ हलू लागले. त्या पान वाचत होत्या.

रविवारी मी त्यांच्याबरोबर गेलो. पत्र्याचं मोठं शेड, बाहेर जीपांची रांग. आत चौरंगावर पोथी, शेजारी भगवी शाल घेतलेला दयानंद. बाई सरळ पुढं गेल्या.

"ही माझी आहे. मी काढलेली चित्रं आहेत ही," त्या मोठ्यानं म्हणाल्या. "माझी बहीण हिलाच उशाशी घेऊन झोपायची. मेली ती."

शेडमध्ये कुजबुज झाली. दयानंदनं हात जोडले.

"तुमची श्रद्धा कमी पडली असंल, मॅडम. आणि पोथी तुमची असली तर वाचून दाखवा की."

बाईंना राग आला होता. त्यांनी पान उचललं आणि घडाघडा वाचलं. ती चूकच झाली. एका क्षणात शेडमधली माणसं जमिनीवर डोकं टेकू लागली.

"बघा!" दयानंद ओरडला. "पोथीनं आपला वाचक बोलावून घेतला!"

एका बाईनं गोदावरीबाईंचे पाय धरले. साखराबाई तिचं नाव. तिची लेक ऋतुजा तीन दिवस तिथंच चटईवर पडून होती, डोळे हळदीसारखे पिवळे, पोट फुगलेलं.

"हिला दवाखान्यात न्या," बाई म्हणाल्या. "हे सगळं खोटं आहे हो. मी लिहिलंय."

"असं नगं बोलू माय. लई लांबून आलाव. लेकीचं पान वाच. पोथी सांगंल तसं करतो."

बाईंनी तीन वेळा समजावलं. साखराबाई हलेना. मुलीचा श्वास लागला होता. शेवटी बाईंनी एक पान काढलं. मालविकेला हसवायला लिहिलेलं, विसरभोळ्या माशाचं पान होतं ते, हे त्यांनी मला नंतर सांगितलं. त्यावर बोट फिरवत त्या म्हणाल्या, "पोथी म्हणते, हिला आत्ताच्या आत्ता लातूरला मोठ्या दवाखान्यात न्या. तिथल्या डॉक्टरच्या हातात मी आहे."

जीप पाच मिनिटांत निघाली.

ऋतुजा वाचली. महिन्याभरानं साखराबाईनं शेडसमोर गावजेवण घातलं, आणि दयानंदनं बाईंचा फोटो असलेला फ्लेक्स लावला. बाई पोलिसांत गेल्या. हवालदारानं मोबाइलवर त्यांनाच त्यांचा शेडमध्ये पान वाचतानाचा व्हिडिओ दाखवला. "बाई, पोथी खोटी म्हणता, मग लोकांना वाचून कशाला दाखवली?"

त्यानंतर त्या दर रविवारी जळकोटला जाऊ लागल्या. सकाळच्या एसटीनं जायचं, पोथीसमोर बसायचं आणि येईल त्याला पान वाचून दवाखान्यात धाडायचं. बाकीचे शिक्षक आपसात हसायचे, बाईंनी बरा धंदा काढला म्हणून. मी हसलो नाही, पण कुणाला थांबवलंही नाही. एकदा त्यांना विचारलं, "सोडून का देत नाही?"

"मी नसले तर दयानंद वाचतो," त्या म्हणाल्या. "तो सगळ्यांना झोपायलाच सांगतो."

गेल्या फाल्गुनात त्यांना ताप आला आणि एक रविवार चुकला. त्या दिवशी छातीत दुखतं म्हणून आलेला व्यंकटी नावाचा माणूस पोथी उशाशी घेऊन झोपला तो उठलाच नाही. तिसऱ्या दिवशी त्याची माणसं शाळेच्या फाटकाशी आली. दयानंदचं नाव कुणी काढलं नाही.

"बाई आल्या न्हाईत," व्यंकटीचा भाऊ सगळ्यांसमोर म्हणाला, "म्हणून माणूस गेला आमचा."

बाई वर्गातून बाहेर आल्या, हाताला खडू तसाच. हात जोडून उभ्या राहिल्या आणि त्याची माफी मागितली.