पेटीपुढची केळी

मला वास लवकर येतो. कौतुक म्हणून सांगत नाही, घरात ह्यावरून मला बोलणीच बसतात. भाजी लागायच्या आधी मला कळतं, आबांनी सोडलेली तंबाखू कुठल्या खिशात आहे तेही कळतं. केमिस्ट्री घेऊन बी.एस्सी. झाले आणि रांजणगावला एका कारखान्याच्या लॅबमध्ये लागले. तिथं कुठलीही बाटली नाकाजवळ न्यायची नाही असा सक्त नियम आहे, तरी माझं नाक आधी पुढं जातं. एवढं असून त्या शिवरात्रीला माझ्याच हाताला येणारा वास मला समजला नाही, ह्याचा मला अजून राग येतो.

आमचं गाव पाबळच्या अलीकडं. घरात सासरे, त्यांना सगळा गाव आबा म्हणतो, सासूबाई, आमचे नवरे दोघं भाऊ, मी थोरली सून आणि माझी धाकटी जाऊ. भावांचं ह्या हकिकतीत काही काम नाही, ते त्या आठवड्यात माल घेऊन बाहेर होते. काम आहे ते धाकटीचं. ती राहू गावची, बागायतीतली. बोलायला कमी, पण एकदा डोक्यात घेतलं की सोडत नाही. वीस गुंठ्यात कांद्याचं बी धरायचं हे तिनं घेतलं होतं डोक्यात. आबा म्हणाले होते, ते नाजूक काम आहे, आपल्याला जमायचं नाही. तिनं वर्षभर त्यांच्यामागं लकडा लावून होकार मिळवला.

बियाण्याच्या कांद्याला पांढरे गोंडे येतात. त्या गोंड्यांवर माश्या बसल्या तर बी भरतं, नाहीतर नुसतीच फोलपटं. आमच्याकडं माश्या उरल्यात कुठं? लोक गुळाचं पाणी फवारतात, सकाळी उठून गोंड्यांवरून हात फिरवतात. धाकटीनंही पंधरा दिवस हात फिरवला, तळवे काळे पडले तिचे. मग एक दिवस म्हणाली, पेट्या आणू. मधमाश्यांच्या. तिनं तीन दिवसांचं शिक्षणही घेतलं होतं त्याचं, कुणाला फारसं न सांगता. एक बिहारी पेटीवाला फुलोरा असेल तिथं गाडीतून पेट्या घेऊन फिरतो, तो महिनाभर ठेवायला तयार झाला. आबा कुरकुरले. तरी महाशिवरात्रीच्या पहाटे बारा पेट्या आमच्या बांधावर उतरल्या.

आता आमच्याकडं नवीन वस्तू दारात आली की तिची पूजा होते. ट्रॅक्टर असो, मोटर असो, आबांच्या पहिल्या मोबाइललासुद्धा हळदकुंकू लागलेलं मी पाहिलंय. तेव्हा पेट्यांची पूजा होणारच. शिवरात्र म्हणून मी आदल्या संध्याकाळी शिक्रापूरच्या चौकातल्या गाड्यावरनं केळी आणली होती. चांगली केळी संपलेली, राहिली होती ती पार पिकलेली, काळे ठिपके पडलेली. स्कूटीच्या डिकीत रात्रभर राहिली आणि सकाळी डिकी उघडली तर वासानं डोकं गरगरलं.

त्याच सकाळी मला पाळी आली. माझं पॅडचं पाकीट संपलं होतं, न्हाणीच्या कोनाड्यात धाकटीचं कोरं होतं ते फोडून त्यातलं एक घेतलं आणि गप्प बसले. गप्प बसायला कारण होतं. सांगितलं असतं तर सणाच्या दिवशी मी बाहेर बसणार, खिचडी, रताळी, पूजेचं ताट, सगळं एकट्या धाकटीवर पडणार, आणि सासूबाईंचं तोंड दिवसभर वाकडं. शिवाय मी बी.एस्सी. झालेली बाई, विटाळबिटाळ मानत नाही. असं मी समजत होते.

ताट मी नेलं. आबांनी उदबत्ती लावली, नारळ फोडला. ताट सासूबाईंच्या हातात देऊन मी केळी सोलली, तुकडे केले आणि प्रत्येक पेटीच्या दारापुढं एकेक ठेवला, निवद म्हणून. धाकटी लांब उभी होती. ताटाला तिनं हात लावला नाही. तिच्या हातांना माश्या शांत ठेवायच्या धुराच्या डब्याची काजळी होती, आणि पेट्यांपुढं गर्दी करू नये असं तिला शिकवलेलं होतं. ती तसं एकदा हळूच म्हणालीही, पण पूजेत कोण ऐकतं.

आबा चौथ्या पेटीपुढं वाकले आणि पेटीतून माश्या अशा सुटल्या की काय झालं ते कळेना. आबांच्या कानावर, मानेवर, डोळ्याच्या कडेला. मला मनगटावर दोन. सासूबाई ताट टाकून पळाल्या. धाकटीनं पदर तोंडावर घेतला, धूर मारत आबांना हाताला धरून ओढत विहिरीपर्यंत नेलं. ती नसती तर काय झालं असतं, हे सांगायला मला आजही नको वाटतं. डॉक्टरनं इंजेक्शन दिलं. जीवावरचं डोळ्यावर निभावलं, पण तो डोळा दोन दिवस उघडला नाही.

दुपारी ओट्यावर सगळे बसलेले. सासूबाईंनी विचारलं, "कुणाला अडचण हुती का गं?"

विचारलं दोघींना, पण बघितलं धाकटीकडं. ताटाला ती शिवली नव्हती ना. धाकटीनं मान खाली घातली. हो म्हणाली नाही, नाही म्हणाली नाही. मीही काही बोलले नाही. कारण मनात पहिला विचार आला तो हाच, की माझ्यामुळं झालं का हे?

आबांनी पेटीवाल्याला फोन करायला लावला. तो यवतच्या बाजूला गेलेला, चौथ्या दिवशी संध्याकाळी गाडी येईल म्हणाला. आबांनी सांगून टाकलं, पेट्या परत जाणार, आणि पुन्हा ह्या घरात कुणी नवीन काही काढायचं नाही. धाकटीला पडवीत बसवलं. समोर वीस गुंठे पांढरेफेक फुललेले, आणि तिला बांधावर पाय ठेवायला बंदी. पेट्या गेल्या की बी जाणार होतं, त्याहून मोठं म्हणजे तिचा शब्द जाणार होता. परत तिला कुणी काही विचारणार नव्हतं.

आणि मी? मी स्वयंपाक करत होते. सासूबाई माझ्या हातचं जेवत होत्या, आबा जेवत होते. धाकटीचं ताट मी लांबून जमिनीवर ठेवत होते आणि ती ते उचलून घेत होती. पहिल्या दिवशी तिनं माझ्याकडं एकदा नीट बघितलं. मला वाटलं, दुःखात आहे बिचारी.

दुसऱ्या दिवशी हात सुजल्याचं कारण सांगून मी कारखान्यात सुट्टी टाकली. ऊन तापल्यावर पेट्यांकडं गेले आणि ज्या पेटीनं आबांना धरलं, तिच्यापासून दोन हातांवर जाऊन बसले. म्हणलं, माझ्यामुळं असेल तर या. घाबरले होते. पण भीतीपेक्षा मला जाणून घ्यायचं होतं, तो माझा स्वभावच आहे. तासभर बसले. माश्या दारातून निघत, माझ्या खांद्यावरून जात, पायांना पिवळे गोळे लावून परत येत. एक माझ्या गुडघ्यावर बसली, पाय झटकले, उडून गेली. माझ्या पाळीशी त्यांचं काही देणंघेणं नव्हतं.

मला इतकं हलकं वाटलं की तिथंच हसू आलं. मग लगेच दुसरा प्रश्न. मग काय झालं होतं त्यांना?

पेटीवाल्याला फोन लावला. त्यानं वकिलासारखी उलटतपासणी घेतली. काळे कपडे होते का, अत्तर, डोक्याला तेल, पेटीला धक्का लागला का. मी नाही नाही म्हणत गेले. मग तो म्हणाला, "मैडम, केला तो नहीं था?"

केला म्हणजे केळं. कॉलेजात दुसऱ्या वर्षाला आम्ही एक प्रयोग करायचो. एक अल्कोहोल, एक ॲसिड, सल्फ्युरिकचे दोन थेंब, परीक्षानळी गरम पाण्यात धरायची, आणि पाच मिनिटांत सगळ्या लॅबभर पिकल्या केळ्याचा वास. आयसोअमाइल ॲसिटेट. पोरी म्हणायच्या, भूक लागली. तोच पदार्थ केळं पिकताना स्वतः तयार करतं. आणि पेटीवाल्याच्या सांगण्याप्रमाणं माशी नांगी मारते तेव्हा तिथं असाच वास सोडून जाते, बाकीच्यांना कळावं म्हणून, की इथं शत्रू आहे, या. रात्री मोबाइलवर वाचलं तर नावसुद्धा तेच निघालं. म्हणजे आम्ही हात जोडून प्रत्येक दारापुढं निवद ठेवला आणि त्यांच्या भाषेत तो लढाईचा हाकारा होता. केळीला हे कुणी शिकवलं, माशीला कुणी शिकवलं, दोघींची कधी ओळख नाही आणि बाटलीत भरून ठेवलं तर वेगळं ओळखू येऊ नये. मला तर झोप लागेना.

पेटीवाल्यानं आणखी एक सांगितलं. रिकाम्या पेटीत माश्या बोलवायच्या असल्या तर तो आत गवती चहाची पात चोळतो. घर सापडलं की माश्याही तसाच लिंबासारखा वास सोडून मागच्यांना बोलावतात म्हणे. एका वासानं या, राहा. दुसऱ्या वासानं या, मारा. गवती चहा तर आमच्या न्हाणीच्या पाण्यावर वर्षानुवर्षं माजलाय, मी तो रोज तोडते.

चौथ्या दिवशी दुपारी आबांना, सासूबाईंना शेतात नेलं. धाकटीला पण मी ये म्हणाले, सासूबाईंनी कपाळाला आठ्या घातल्या तरी. त्यांना लांब बाभळीखाली उभं केलं. मी रेनकोट घातला, तोंडाला ओढणी गुंडाळली आणि लांबलचक उसाचं टिपरू घेतलं. आबा म्हणाले, हिला ऊन लागलं. आधी नुसतं टिपरू पेटीच्या दाराशी धरलं. काही नाही. टोकाला गूळ लावून धरला. दोघी-चौघी आल्या, चाटायला लागल्या. मग दुसऱ्या टोकाला पिकलं केळं खोचून धरलं. बघता बघता दारावरच्या माश्यांचा आवाज बदलला. दहा-बारा बाहेर आल्या आणि केळ्यावर आपटायला लागल्या. मी टिपरू टाकून पळाले. त्या दिवशीचं सगळं केळ्यानंच झालं असं मी छातीठोक म्हणणार नाही, माश्या प्रवासानं वैतागल्या होत्या, आम्ही गर्दी केली होती, उदबत्तीचा धूर होता. पण ठिणगी केळ्याची होती एवढं नक्की.

आबांनी सगळं बघितलं. माणूस हट्टी, पण डोळ्यांनी दिसलेलं नाकारणारा नाही. सुजलेला डोळा चोळत म्हणाले, "केळ्याचं खरं आसंल. पन इटाळ बी आसंल त्यात."

सासूबाईंनी मान डोलावली. धाकटी बाभळीच्या बुंध्याकडं बघत होती. गाडी संध्याकाळी येणार होती.

मला वाटलं होतं केळ्यावर भागेल. चार दिवस मी तेवढ्यासाठीच धडपडले होते, की केळं सापडावं आणि माझ्यावर काही सांगायची वेळ येऊ नये. रेनकोटात घामानं भिजले होते. ओढणी सोडली.

"आबा, पाळी मला हुती," मी म्हणाले. "पूजेचं ताट मी नेलं, केळी मीच ठेवली. दुसऱ्या दिवशी त्याच अंगानं पेटीजवळ तासभर बसले, एक माशी चावली न्हाई. आन् चार दिवस तुम्ही माझ्या हातचं जेवताय."

सासूबाईंनी पदर तोंडाला लावला. सुनेच्या तोंडून सासऱ्यानं असलं ऐकायचं नसतं आमच्यात. मग आबा धाकटीकडं वळले. चुकलं वगैरे म्हणाले नाहीत, ते त्यांना येत नाही. त्यांनी तिला विचारलं, "मंग ह्यान्ला निवद दावायचा तरी कशाचा?"

धाकटी म्हणाली, गुळाचं पाणी चालतं, पण दारापासनं लांब. आबा हं म्हणाले आणि पेटीवाल्याला फोन लाव म्हणून सांगितलं, गाडी मोकळीच जाऊ दे. सासूबाई घराकडं चालायला लागल्या. दोन दिवस त्या माझ्याशी बोलल्या नाहीत. धाकटीशी मात्र बोलल्या.

संध्याकाळी मी न्हाणीपाशी चहासाठी पात तोडत होते. धाकटी हातपाय धुवायला आली, पेट्यांना पाणी ठेवून. तिचा चेहरा उजळला होता आणि मला, खोटं कशाला बोलू, स्वतःचं फार कौतुक वाटत होतं. तिला मी माश्यांचं सगळं समजावून सांगितलं, परीक्षानळी, नांगी, लिंबासारखा वास. तिनं शेवटपर्यंत ऐकून घेतलं. मग न्हाणीच्या कोनाड्याकडं बोट केलं.

"पाकीट माझं हुतं, ताई. सकाळी फोडलेलं दिसलं मला. मला पाळी न्हवतीच."

मी विचारलं, मग बोलली का नाहीस तू?

"मी न्हाई म्हणले आसते तर तुमचं नाव निघालं आसतं. म्हणलं, तुमी सांगाल. आज सांगाल, उद्या सांगाल. चार दिस ताट घ्यायचे तवा तुमच्या तोंडाकडं बगायचे मी."

पात माझ्या हातातच राहिली. तिनंच ती घेतली आणि चहा टाकायला आत गेली.