धुतलेलं पान

काल मठात काळपोथीच्या पानावर एका बाईचा ओला अंगठा अधांतरी थांबलेला पाहिला. तेव्हापासून मला काहीच कळेनासं झालंय.

काळपोथी कोणी रचली, कुणालाच ठाऊक नाही. तिच्यात गावातल्या प्रत्येकाच्या प्रत्येक दिवसाचं पान आपोआप उमटतं. आयुष्यात एकदा आपलं एक पान धुता येतं. मग तो दिवस आठवणीतून अख्खा जातो. ही उघड लूट आहे, असं मी पत्रकांतून ठणकावत आलेय. कालही दारात तेच पत्रक वाटत होते.

"ए पत्रकवाली, इकडे ये," बाई म्हणाली. तिची मुलगी ज्या दिवशी संध्याकाळी नदीत बुडाली, त्या दिवसाचं पान तिच्यापुढे होतं. "संध्याकाळ सोसवत नाही गं. पण सकाळी तिनं माझी वेणी घातली होती, वाकडीतिकडी. तीही जाणार. काय करू?"

"मावशी, उरका की!" रांगेतून कुणीतरी ओरडलं.

धुऊ नका, असं म्हणायला हवं होतं मी. तोंडातून निघालं, "सकाळ मला सांगा. मी ठेवते."

तिनं सांगितली. लाल फीत, तुटका कंगवा, पोरीचं खिदळणं. मग ओला अंगठा पानावर फिरवून ते धुतलं. मला काय सांगितलं, तेही त्या दिवसाबरोबर पुसलं गेलं; काहीतरी सांगितलं, एवढंच तिच्याकडे उरलं.

आठवण ज्याची त्याचीच, हे माझंच वाक्य. आता ते कुठल्या तोंडानं छापू? लुटलं कुणी, पोथीनं की मी?

पायरीवर ती थबकली. "तुझ्याकडे माझं काहीतरी ठेवलंय ना? चांगलं आहे?"

"खूप चांगलं आहे."

"मग राहू दे," म्हणाली, आणि उतरून गेली.