आभाराची चिठ्ठी

सांगतो, पण चहा संपेपर्यंत मधे कोणी बोलायचं नाही. आणि हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या, कारण एकदा मुग्धा बाहेर आली की ती हा किस्सा माझ्यापेक्षा चांगला सांगते.

तेव्हा आम्ही पुंगोलला राहायचो. मी, मुग्धा आणि आठ वर्षांची इरा. सिंगापुरातल्या आमच्या छोट्याशा मराठी मंडळात माइक हातात येईल अशी दोनच कामं होती, सूत्रसंचालन आणि आभारप्रदर्शन. सूत्रसंचालन निखिल गोडबोलेला मिळायचं, आभारप्रदर्शन मला. आता आभारप्रदर्शन म्हणजे काय, ते तुम्हाला माहीत आहेच. अर्धा हॉल बटाटेवड्यांच्या रांगेत असतो, उरलेला अर्धा खुर्चीखाली चपला शोधत असतो आणि एक माणूस साउंडवाल्याचे आभार मानत असतो. सलग चार वर्षं तो माणूस मी होतो.

निखिल राहायला बिशान भागात. उंच, देखणा, आणि आवाज असा की एमआरटी मेट्रोतल्या घोषणा त्याने केल्या असत्या तर लोक आपलं स्टेशन सोडून ऐकत बसले असते. तो बोलला की हॉल हसायचा. हॉल हसला तर हसू दे हो, पण मुग्धाही हसायची. माझ्या विनोदाला ती शेवटची कधी हसली, हे बघायला लग्नाची सीडी लावावी लागली असती. उगाच सभ्य शब्द कशाला शोधू? मी जळत होतो.

त्या वर्षी मंडळाने एका आयरिश नाटककारावर कार्यक्रम ठरवला. हजरजबाबी म्हणून जगभर गाजलेला माणूस. त्याचं नाव मी घेत नाही, कारण त्याला श्रेय देताना एकदा माझे हात चांगलेच पोळले आहेत. निखिल त्याचं आयुष्य सांगणार आणि मधेमधे नाटकाचे तुकडे होणार, असा बेत होता.

मग महिनाभर आमच्या घरी निखिलचे फोन. "वहिनी, हे झकास जमलंय!" आणि मुग्धा स्वयंपाकघरात एकटीच हसतेय. तालमीचं ती बघतेय, एवढंच मला माहीत होतं. एकदा ती चार कागद घेऊन माझ्यापुढे आली.

"प्रसाद, जरा वाच ना. कसं वाटतंय सांग."

मी मोबाइलवर रंगीत गोळ्या फोडत होतो. तिरक्या नजरेने पाहिलं, तर कागदावर वर लिहिलेलं, 'निखिल'.

"हं. छान आहे."

"वाचलंस का?"

"नंतर वाचतो."

ती कागद घेऊन गेली. निखिलचं कौतुक मी आपणहून वाचायला बसणार होतो थोडाच?

कार्यक्रम रविवारी दुपारी, बिशानच्या कम्युनिटी क्लबात. दारातच आमच्या सेक्रेटरी वर्षाताईंनी माझ्या हातात आभाराची चिठ्ठी दिली. "आधी एकदा वाचून घे हं. शेवटचं नाव नीट घे." मी ती खिशात टाकली. साउंडवाला, वडेवाल्या काकू, हॉलवाले. त्यात वाचायचं काय?

निखिल स्टेजवर आला तो कोटाला हिरवं फूल लावून. तो नाटककार म्हणे तसं लावायचा. डब्लिनमध्ये जन्म, लंडनमध्ये नाव, आणि बोलणं असं की लोक त्याला जेवायला बोलवायचे ते ऐकायला. निखिल म्हणाला, "या माणसाकडे प्रत्येक प्रश्नाचं उत्तर तयार असायचं. आपल्याकडे नवऱ्यांचंही तसंच आहे. फक्त त्यांचं प्रश्न ऐकायच्या आधीच तयार असतं." हॉल कोसळला. पुढे म्हणाला, "सुखी संसाराची युक्ती सोपी आहे. एकाने बोलावं, दुसऱ्याने मोबाइलमध्ये बघत 'हं' म्हणावं." बायका तर टाळ्या थांबवेनात.

पहिल्या रांगेत बसलेली मुग्धा मात्र हसत नव्हती. मागे वळून माझ्याकडे बघत होती. मला वाटलं, चला, हिलाही या माणसाचा कंटाळा आला शेवटी.

आणि मला शंका आली. इतकं चांगलं निखिलला सुचेल कसं? मी तिथेच फोन काढला, वाक्य इंग्रजीत केलं आणि शोधलं. त्याच नाटककाराचा फोटो, खाली जवळपास तसंच काहीतरी! दुसरं वाक्य टाकलं. पुन्हा तोच फोटो. चोर सापडला होता.

"पापा, फोन ठेव लाह," शेजारून इरा तिच्या शाळेतल्या सिंगापुरी ढंगात म्हणाली, "ममा विल बी अँग्री."

निखिल शेवटाकडे आला. त्या माणसाला तुरुंगात जावं लागलं, तेव्हा त्याची नाटकं चालूच होती, पण बाहेरच्या पाटीवरून त्याचं नाव काढलं होतं. "लोक आत येऊन हसत होते," निखिल म्हणाला, "फक्त कोणाच्या वाक्याला हसतोय, ते कोणी विचारत नव्हतं." सगळे उठून टाळ्या वाजवू लागले, आणि माझ्या डोक्यात तिडीक गेली.

मी माइक घेतला. "मंडळी, आभारांआधी एक खुलासा. आज गाजलेली वाक्यं निखिलरावांची नाहीत."

वड्यांची रांग जागच्या जागी थांबली. चार वर्षांत पहिल्यांदा लोक माझं ऐकत होते.

"बरोबर आहे," निखिल शांतपणे म्हणाला. "माझी नाहीतच."

"कबूल केलं बघा! दुसऱ्याच्या बुद्धीवर टाळ्या घ्यायच्या आणि लिहिणाऱ्याचं साधं नाव घ्यायचं नाही? त्याच्यासमोर उभं राहून हे बोलायची हिंमत आहे का तुमच्यात?"

"नाव घ्यायलाच हवं," निखिल म्हणाला. "ते तूच घेणार आहेस. चिठ्ठी वाच."

मी चिठ्ठी काढली. साउंडवाला. वडेवाल्या काकू. हॉलवाले. आणि खाली वर्षाताईंच्या गोल अक्षरात, 'संपूर्ण लेखन: मुग्धा देवधर. पोस्टरवर तिने नाव टाकू दिलं नाही. ते स्टेजवरून प्रसादने घ्यावं, एवढीच तिची अट आहे.'

मी नाव घेतलं. साउंडवाल्याने माइकचा आवाज वाढवला, तरी मागच्या लोकांनी "कोण? कोण?" विचारलं. म्हणून पुन्हा घेतलं.

परतीच्या एलआरटी ट्रेनमध्ये मुग्धा खिडकीबाहेर बघत होती.

"मला सांगायचं तरी," मी म्हणालो.

"कागद दिले होते."

"अगं, पण त्याच्या फोटोखाली अगदी तसंच वाक्य होतं."

"जगात कुठलंही बरं वाक्य दिसलं की लोक ते त्याच्या नावावर टाकतात. त्याला जाऊन शंभर वर्षं झाली, अजून टाकताहेत." मग माझ्याकडे वळून म्हणाली, "माझं तरी तू टाकायला नको होतंस."

मला खरंच वाईट वाटलं. "ते कागद मोबाइलवर पाठव," म्हटलं, "आत्ता वाचतो." तिने पाठवले. आणि काय सांगू, फार चांगलं लिहिलं होतं हो तिने. मी पहिल्यापासून एकेक ओळ वाचत गेलो.

थोड्या वेळाने तिने हळूच विचारलं, "कसं वाटतंय?"

मी वाचनात इतका गढलेला, की मान वर न करताच म्हणालो, "हं."

मुग्धा जी हसत सुटली, ती आमचा स्टॉप गेला तरी थांबेना. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसली. इतक्या वर्षांनी बायको माझ्यामुळे हसली, आणि तो विनोदही तिनेच लिहिलेला निघाला.