चौथीवाल्या शेवंताबाई

पगाराच्या दिवशी शेवंताबाई सही करायला बसल्या की मागची रांग खोळंबायची. टाक दौतीत बुडवायच्या, काठाला निथळून घ्यायच्या आणि आपलं सबंध नाव वळणदार अक्षरात लिहायच्या. बाकीच्या आया अंगठा उठवून मोकळ्या होत. कारकून कुरकुरला तर म्हणत, "थांब जरा, बापू. एवढ्या अक्षरांसाठी मी शाळेच्या ओट्यावर उन्हातान्हात बसली." ओट्यावर, कारण त्यांच्या जातीच्या लेकरांना तेव्हा वर्गात बसू देत नसत.

अमरावतीच्या ज्या इस्पितळात मी नर्स म्हणून लागले, तिथे त्या बाळंतिणींच्या वॉर्डात आया होत्या. नवरा गेलेला, पदरी एक मुलगी. त्यांच्या खोलीत बुद्धाची तसबीर होती. तिच्यासमोर बसवून मुलीकडून धडे म्हणवून घ्यायच्या. वॉर्डातल्या साऱ्याच आया हंगामी होत्या, वर्षानुवर्षं.

वऱ्हाड नव्या राज्यात गेलं आणि काही दिवसांनी हुकूम आला की कायम व्हायचं तर चौथी पास हवं. शेवंताबाईंनी ट्रंकेतून शाळेचा दाखला काढला आणि हसतहसत कचेरीत नेऊन दिला. बड्या बाबूंनी तो फायलीला लावला. "तुमचं काम झालं समजा."

"अन् बाकीच्या बायाईचं?"

"त्यांच्या जागी शिकलेल्या घेऊ."

शेवंताबाईंचं हसू मावळलं. "मंग माह्यंही राहू द्या," म्हणून त्या परत आल्या.

साऱ्यांनी मिळून अर्ज करायचं ठरलं. मी मजकूर लिहिला. शेवंताबाईंपुढे टाक धरला तर त्यांनी तो बाजूला सारला, शाईत अंगठा बुडवला आणि सोबतची आया यमुना, तिच्या अंगठ्याशेजारी उठवला. "माही सही वेगळी दिसली, का मले वेगळी काढतीन," म्हणाल्या.

मुलगी चिडली. "आई, तू तं पास हायेस ना? क्वार्टर भेटला असता, पेन्शन भेटली असती. तू काहून भांडून राहिली?" दोन दिवस मायलेकी बोलल्या नाहीत.

सुनावणी अकोल्याला होती. मीही सोबत गेले होते. साहेबांनी फाईल चाळली, तिला लावलेला दाखला पाहिला आणि विचारलं, "बाई, तुम्ही तर नियमात बसता. मग तुमची तक्रार काय?"

शेवंताबाई उभ्या राहिल्या. "साहेब, आमी आधी आलो, नियम मागून आला. आमाले घेतलं तवा कोनी इचारलं नाई, का शिकली हायेस काय म्हनून. आता आमचे केस पिकले, तं इचारून राहिले."

निकालाला काही वर्षं गेली. पण तो लागला आयांच्या बाजूनं. हुकमाआधी कामावर असलेल्यांना शिक्षणाची अट लावू नये, सगळ्यांना कायम करावं. वॉर्डात पेढे वाटले. कायम झालेल्यांच्या नावांत मात्र शेवंताबाई नव्हत्या. दाखल्यावर मास्तरांनी अंदाजानं टाकलेल्या जन्मतारखेप्रमाणे त्यांचं नोकरीचं वय निकालाआधीच उलटलं होतं. बाकीच्यांकडे दाखलाच नव्हता. डॉक्टरांनी तोंडाकडे पाहून सांगितलेलं त्यांचं वय धरलं गेलं.

यमुना त्यांच्या गळ्यात पडून रडली. "शेवंते, मी तं तुह्याहून मोठी हावो वं!"

"चूप राय," शेवंताबाई तिच्या पाठीवरून हात फिरवत म्हणाल्या. "आता सांगशीन तं तुलेही काढतीन."

हंगामी माणसाला निरोपाचा समारंभ नसतो. मोर्शीच्या मोटारीपर्यंत आम्हीच त्यांना पोचवलं. तिथे मुलगी मास्तरीण झाली होती. मोटार सुटायच्या आधी मी न राहवून विचारलं, "दाखला दिला नसता तर बरं झालं असतं, असं वाटतं का हो?"

त्या म्हणाल्या, "वाटते ना, बाई. रोज वाटते. पन बापानं मले शाळेत धाडलं, ते कसं लपवू?"

पुढच्या साली यमुनाच्या नातीचं नाव शाळेत घालायचं होतं. शेवंताबाई मोर्शीहून मुद्दाम आल्या. यमुनानंच मला नंतर सांगितलं. मास्तरांनी पोरीची जन्मतारीख विचारली, तेव्हा यमुना घाबरून शेवंताबाईंच्या तोंडाकडे पाहू लागली.

"खरी सांग," शेवंताबाई म्हणाल्या.